निकाल हातात आहे, पण साहेब हलत नाहीत: सरकारी नोकरीतल्या अवमान याचिकेची पहिली ओळख

आस्थापना शाखेत माझी बरीच वर्षं गेली. कोर्टाचा निकाल आला की तो नस्तीला, म्हणजे फाइलला, लावायचा, टिपणी लिहायची आणि नस्ती वर पाठवायची, हे माझं काम. म्हणजे मी टेबलाच्या पलीकडच्या बाजूला होतो. निवृत्तीनंतर ओळखीतले कर्मचारी प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये निकाल घालून घरी येतात, आणि चहा येण्याआधीच विचारतात, "काका, केस जिंकलोय, पण ऑर्डर काढत नाहीत. कंटेम्प्ट टाकू का?"

मी दोन गोष्टी मागतो. निकालाचा शेवटचा परिच्छेद, आणि तो निकाल कार्यालयात दिल्याची पोच. पहिली गोष्ट फोल्डरमध्ये असते. दुसरी बहुधा नसते. "साहेबांना माहितीये की, त्यांचेच वकील कोर्टात होते," असं उत्तर येतं. तिथून आमचं बोलणं सुरू होतं. हा लेख म्हणजे तेच बोलणं, जरा सविस्तर. वकिलाच्या सल्ल्याला हा पर्याय नाही. पण वकिलाकडे जाताना काय घेऊन जायचं आणि काय विचारायचं, एवढं यातून नक्की कळेल.

अवमान कशाला म्हणतात

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ या कायद्यात दिवाणी अवमान आणि फौजदारी अवमान असे दोन प्रकार आहेत. आपल्या कामाचा पहिला. कलम २(ख) नुसार न्यायालयाचा निकाल, आदेश, निर्देश किंवा रिट जाणूनबुजून न पाळणं, किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं म्हणजे दिवाणी अवमान. सगळा जोर 'जाणूनबुजून' या शब्दावर आहे. आदेश पाळला गेला नाही, एवढ्याने भागत नाही. अधिकाऱ्याला आदेश माहीत होता, तो पाळणं त्याच्या हातात होतं आणि तरीही त्याने पाळला नाही, हे दिसावं लागतं.

शिक्षा कलम १२ मध्ये आहे: सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दिवाणी अवमानात दंड पुरेसा नाही असं न्यायालयाला वाटलं तरच कोठडीचा विचार होतो. दोन हजार हा आकडा ऐकून लोक हसतात. पण अधिकाऱ्याला धास्ती दंडाची नसते. याचिकेत त्याचं स्वतःचं नाव येतं, उत्तराचं शपथपत्र स्वतः करावं लागतं, आणि पुढची पदोन्नती तोंडावर असताना असलं लचांड कोणालाच नको असतं. कैद झालेलीच नाही असंही नाही. २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राचे एक मंत्री आणि वन विभागाचे तत्कालीन प्रधान सचिव यांना आरागिरण्यांच्या प्रकरणात आदेश डावलल्याबद्दल एक महिन्याची कैद सुनावली होती. तो विषय नोकरीचा नव्हता, पण मंत्रालयात त्या निकालाची चर्चा बराच काळ चालली.

आणखी एक गोष्ट सुरुवातीलाच मनात पक्की करा. अवमानाचं प्रकरण न्यायालय आणि तो अधिकारी यांच्यातलं असतं. तुम्ही फक्त माहिती देणारे. "मला इतकी वर्षं छळलं" हे न्यायालय ऐकून घेईल, पण त्यावर निकाल देणार नाही. त्याला बघायचं असतं ते एवढंच: आम्ही काय सांगितलं होतं आणि यांनी काय केलं?

पहिली पायरी: शेवटचा परिच्छेद

निकाल चाळीस पानांचा असेल. त्यातल्या अडतीस पानांत तुमची बाजू कशी बरोबर आहे हे लिहिलेलं असेल, आणि ते वाचून डोळे भरूनही येतील. अवमानाच्या कामाला मात्र शेवटचा, प्रत्यक्ष आदेशाचा भागच उपयोगी पडतो. त्यातली क्रियापदं पेन्सिलने अधोरेखित करा.

समजा तिथे लिहिलंय: अर्जदाराला १ जुलै २०१५ हा पदोन्नतीचा मानीव दिनांक द्यावा (म्हणजे त्या तारखेला पदोन्नती झाली असं धरावं) आणि तीन महिन्यांत अनुषंगिक लाभ अदा करावेत. हा पक्का आदेश. काय करायचं, किती दिवसांत करायचं, सगळं स्पष्ट आहे. मुदत उलटली आणि स्थगिती नसेल, तर तुमची बाजू भक्कम.

आता समजा लिहिलंय: अर्जदाराच्या निवेदनावर तीन महिन्यांत निर्णय घ्यावा. म्हणजे निर्णय घेणं एवढंच बंधन. दोन महिने एकोणतीस दिवसांनी "आपली विनंती मान्य करता येत नाही" असं पत्र आलं, तरी आदेश पाळला गेला. तो निर्णय चुकीचा असेल तर त्याला नव्याने आव्हान द्या; अवमान होत नाही.

तिसरा प्रकार सगळ्यांत फसवा, कारण तो कानाला गोड लागतो: अर्जदाराच्या दाव्याचा नियमानुसार विचार करावा. इंग्रजी निकालातला 'कन्सिडर' तो हाच. आंध्र प्रदेशच्या एसटी महामंडळातल्या कर्मचाऱ्यांना नियमित करण्याच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली या एका शब्दाची चांगलीच उकल केली. 'विचार करा' आणि 'द्या' यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. मी पलीकडच्या बाजूला असताना निकालात 'विचार' हा शब्द दिसला की कार्यासनातली मंडळी हुश्श करायची. हे मी डोळ्यांनी पाहिलंय.

म्हणून ज्यांची केस अजून चालू आहे त्यांनी हे वाक्य लक्षात ठेवावं: वकिलाला सांगून प्रार्थनेत काय द्यायचं, कोणत्या तारखेपासून आणि किती दिवसांत, हे तिन्ही मागून घ्या. अवमान न्यायालय मूळ आदेशात भर घालत नाही. ओएनजीसीच्या कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली हे पुन्हा बजावलं: आदेशात जे सरळ दिसतं तेवढंच बघायचं, जे मागायचं राहून गेलं ते अवमानाच्या वाटेने मिळवता येणार नाही.

आदेशात मुदतच दिली नसेल तर? किंवा तारीख चुकली असेल, नावात गफलत असेल? मुंबई उच्च न्यायालयात यासाठी 'स्पीकिंग टू द मिनिट्स' नावाची जुनी पद्धत आहे. छोटीशी प्रिसिपी, म्हणजे लेखी विनंतीचा कागद, देऊन किरकोळ चूक दुरुस्त करून घेता येते. मुदत मागायची असेल तर त्याच न्यायालयात वेगळा अर्ज करावा लागतो. ही कामं निकालानंतर लगेच, आठ-पंधरा दिवसांत उरका. वर्षभराने आठवली तर उशीर झालेला असतो.

दुसरी पायरी: पोच

ही पायरी लोक सगळ्यांत हलक्यात घेतात, म्हणून इथे जरा रेंगाळतो.

सरकारी वकील किंवा मॅटमधले (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणातले) सादरकर्ता अधिकारी निकालाच्या दिवशी हजर असतात हे खरं. त्यांचं पत्र कार्यालयात जातं हेही खरं. पण अवमानाच्या सुनावणीत "आदेश आमच्या कार्यालयास अमुक तारखेपर्यंत प्राप्त झाला नव्हता" हे वाक्य शपथपत्रात हमखास येतं. त्यावर तुमच्याकडे उत्तर एकच असतं: गोल शिक्का आणि त्यात आवक क्रमांक.

तर असं करा. निकालाची प्रमाणित प्रत मिळवा. संकेतस्थळावरची प्रत वाचायला ठीक, पण "प्रमाणित प्रत सादर करावी" असं पत्र काढून महिनाभर घालवायची संधी कार्यालयाला कशाला द्यायची? त्या प्रतीच्या चार-पाच झेरॉक्स काढा. सोबत एक पानाचं पत्र लिहा. ते छोटंच हवं. मी साधारण असा मजकूर देतो:

"विषय: मूळ अर्ज क्र. ____ मधील दि. ____ च्या आदेशाच्या अंमलबजावणीबाबत. महोदय, उपरोक्त प्रकरणी मा. न्यायाधिकरणाने दि. ____ रोजी आदेश पारित केला असून त्याची प्रमाणित प्रत सोबत जोडली आहे. आदेशाच्या परिच्छेद ____ नुसार आदेश प्राप्त झाल्यापासून तीन महिन्यांत ____ करणे आवश्यक आहे. सदर मुदत दि. ____ रोजी संपत आहे. कृपया मुदतीत आदेशाचे अनुपालन होऊन मला कळविण्यात यावे, ही विनंती."

एवढं पुरे. "अन्यथा आपणाविरुद्ध अवमानाची कारवाई करण्यात येईल" हे पहिल्या पत्रात नको. पहिलं पत्र विनंतीचं असू द्या. उद्या न्यायाधीशांसमोर ते वाचलं जाईल तेव्हा तुम्ही सौम्य दिसलात तर बरं.

पत्र तीन ठिकाणी द्या: ज्यांना आदेश काढायचा आहे ते सक्षम प्राधिकारी, तुमचे कार्यालयप्रमुख, आणि सचिव प्रतिवादी असतील तर मंत्रालयातला संबंधित विभाग. तिन्हीकडे स्वतः जा आणि टपाल शाखेत आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख व आवक क्रमांक घ्या. नुसती सही चालत नाही, कारण सही कोणाची ते पुढे कोणीच सांगत नाही. शिक्का उमटला का, बघा. आमच्याकडे शिक्क्याची शाई पावसाळ्यात फिकी पडायची, आणि तारखेतला महिना वाचता येत नाही म्हणून पुढे वाद झालेला मला आठवतो. तिथल्या तिथे पेनने तारीख लिहून घ्या. गावाबाहेरच्या कार्यालयाला स्पीड पोस्टने पाठवा आणि पोहोचल्याचा तपशील त्याच आठवड्यात छापून ठेवा. सोबत कार्यालयाच्या अधिकृत ईमेलवरही धाडा.

साहेब बदलले तर पुन्हा पत्र. अवमान व्यक्ती करते, खुर्ची नाही. नव्या साहेबांना आदेश माहीत होता हे दाखवायचं तर त्यांच्या कारकिर्दीतली पोच हवी. एकाच आदेशासाठी तीन अधिकाऱ्यांना तीन पत्रं द्यावी लागलेला एक अनुरेखक माझ्याकडे यायचा. बिचारा प्रत्येक वेळी नव्याने ओळख करून द्यायचा. पण त्या तीन पोचांमुळेच पुढे त्याचं काम झालं.

तिसरी पायरी: कॅलेंडर

कलम २० सांगतं की अवमान घडल्याच्या तारखेपासून एका वर्षानंतर कारवाई सुरू करता येत नाही. २००१ सालच्या पल्लव शेठ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की याचिका त्या वर्षाच्या आत दाखल झालेली असली पाहिजे.

उदाहरण घेऊ. आदेश १४ फेब्रुवारी २०२४ चा, मुदत 'आदेश मिळाल्यापासून तीन महिने'. तुम्ही प्रत दिली ४ मार्चला. मुदत संपली ४ जूनला. ५ जूनपासून अवमानाचं वर्ष चालू झालं. जून २०२५ उजाडायच्या आत याचिका दाखल झालेली हवी. शेवटच्या आठवड्यावर ठेवू नका. उन्हाळी सुट्टी आडवी येते.

"पण आदेश आजही पाळलेला नाही, म्हणजे रोज नवा अवमान होतोय ना?" हा प्रश्न हमखास येतो. जुलै २०२४ मध्ये तेलंगणातल्या एका जमिनीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की आदेश न पाळण्याचे परिणाम पुढे चालू राहिले म्हणून ती आपोआप 'सतत चालू असलेली चूक' ठरत नाही. त्या प्रकरणात याचिका मुदतबाह्य ठरली. तेव्हा या युक्तिवादाच्या भरवशावर बसू नका.

आणि हेही: स्मरणपत्रं पाठवत राहिल्याने वर्ष वाढत नाही. सरकारी माणसाला स्मरणपत्रांची सवय असते. स्मरणपत्र एक, स्मरणपत्र दोन, स्मरणपत्र सात. दोन पुरेत.

चौथी पायरी: दार कोणतं

राज्य सरकारी कर्मचारी असाल आणि आदेश महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा, म्हणजे मॅटचा असेल, तर अवमान अर्जही मॅटमध्येच. मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर, जिथला आदेश तिथे. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम १७ ने न्यायाधिकरणाला अवमानाच्या बाबतीत उच्च न्यायालयासारखेच अधिकार दिले आहेत. केंद्रीय कर्मचाऱ्यांचं तेच, फक्त कॅटमध्ये, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणात.

जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. त्यांचा आदेश बहुधा उच्च न्यायालयाच्या रिट याचिकेतला असतो आणि अवमान याचिकाही तिथेच होते. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला फिरतं खंडपीठ सुरू झाल्याने कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गच्या लोकांची मुंबईची वारी वाचली. गोव्यातल्या राज्य कर्मचाऱ्यांना मॅटसारखं न्यायाधिकरण नाही, त्यांना पर्वरीचं खंडपीठ.

खासगी अनुदानित शाळांतले शिक्षक शाळा न्यायाधिकरणात जातात, आणि तिथला आदेश न पाळणाऱ्या संस्थेसाठी खासगी शाळा कर्मचाऱ्यांच्या १९७७ च्या कायद्यात स्वतंत्र शिक्षेचं कलम आहे. एसटी किंवा महापालिकेतल्या कामगारांचा आदेश औद्योगिक न्यायालयाचा असेल तर अनुचित कामगार प्रथांच्या कायद्यातलं कलम ४८ वकिलाला विचारा. मॅटच्या आदेशाविरुद्ध सरकार उच्च न्यायालयात गेलं आणि तिथे आदेशात बदल झाला किंवा नवी मुदत मिळाली, तर दार बदलू शकतं. हेही वकिलाशी बोलूनच ठरवा.

दुसरी एक वाट लोक विसरतात. १९८५ च्याच कायद्याच्या कलम २७ मध्ये न्यायाधिकरणाच्या आदेशाच्या अंमलबजावणीची तरतूद आहे. नुसती थकबाकीची रक्कम अडकली असेल आणि कोणाला धडा शिकवायची हौस नसेल, तर ही वाट विचारात घ्या. तिथे 'जाणूनबुजून' सिद्ध करावं लागत नाही.

पाचवी पायरी: सबबी गोळा करा

मुदत चालू असताना आणि संपल्यावर तुम्हाला तोंडी उत्तरं मिळत राहतील. ती तोंडी राहू देऊ नका. माहितीच्या अधिकारात दहा रुपयांचा अर्ज करा आणि एवढंच मागा: सदर आदेशाच्या अंमलबजावणीच्या नस्तीवरील टिपणीची प्रत, आणि नस्ती कोणत्या तारखेला कोणाकडे गेली त्याचा तपशील. टिपणी हातात आली की 'जाणूनबुजून' आहे की निव्वळ ढिलाई, हे तारखाच बोलतात. मुदत संपल्यावर साडेतीन महिन्यांनी पहिली टिपणी लिहिली गेली असेल, तर तुमच्या वकिलाचं अर्धं काम झालं.

नेहमीच्या सबबी आणि त्यांचं वजन सांगतो.

"नस्ती वित्त विभागात आहे." खरी असेल तर थोडं वजन आहे. मुदतीच्या आत पाठवली होती का आणि न्यायालयाकडे मुदतवाढ मागितली का, हे विचारा. मुदतवाढ मागायचा रस्ता सरकारला उघडा असतो. तो न चोखाळता गप्प बसणं त्यांच्या विरोधात जातं.

"विधी व न्याय विभागाचं मत मागवलंय." आव्हान द्यायचं की नाही यासाठी ते मागवलेलं असतं. मत मागवणं म्हणजे स्थगिती नव्हे.

"आम्ही हायकोर्टात गेलोय." याचिका दाखल होण्याने आदेश थांबत नाही, स्थगितीचा आदेश लागतो. याचिका क्रमांक आणि स्थगितीची तारीख लेखी मागा. इथे मात्र एक खाचखळगा आहे. स्थगितीचा अर्ज वरच्या न्यायालयात खरोखर प्रलंबित असेल, तर आधी त्याचा निकाल लागू द्यावा आणि मग अवमान बघावा, असा कल न्यायालयांचा असतो. म्हणजे तुम्हाला महिना-दोन महिने थांबावं लागेल. चिडू नका, उलट तिकडे कॅव्हेट (आमचं ऐकून घ्या अशी आगाऊ सूचना) आधीच दाखल केलेलं असेल तर तुमचं ऐकल्याशिवाय स्थगिती मिळणं अवघड जातं. निकाल लागल्या आठवड्यातच कॅव्हेट टाकायला वकिलाला सांगा.

"आदेशाचा अर्थ आम्ही असा लावला." ही सगळ्यांत धोकादायक सबब. आदेशाचे खरोखरच दोन अर्थ निघत असतील आणि अधिकाऱ्याने त्यातला एक प्रामाणिकपणे धरला असेल, तर अवमान ठरत नाही. म्हणून पुन्हा तेच: शेवटचा परिच्छेद.

सहावी पायरी: याचिका

मुदत संपल्यावर वकिलामार्फत एक नोटीस, पंधरा दिवसांची. आता इशारा द्यायला हरकत नाही. उत्तर नाही आलं की याचिका.

प्रतिवादी नेमके निवडा. आदेश काढण्याचा अधिकार ज्यांच्याकडे होता आणि ज्यांना आदेश माहीत होता, त्यांनाच नावानिशी व पदनामानिशी घ्या. मुख्य सचिवांपासून कारकुनापर्यंत सगळ्यांना गोवलं की न्यायालयाला त्यात राग दिसतो. मूळ प्रकरणातले काही प्रतिवादी यात नसतील, हरकत नाही.

जोडायचे कागद: आदेशाची प्रमाणित प्रत, सगळ्या पोचा, नोटीस व तिची पोच, माहिती अधिकारात मिळालेली टिपणी, आणि एका पानाचा तारीखवार तक्ता. हा तक्ता तुम्ही स्वतः घरी बसून करा. तीन रकाने: तारीख, काय झालं, पुरावा कोणत्या पानावर. वकिलाला असा तक्ता दिला की तुमचं प्रकरण त्यांच्या गठ्ठ्यात वर येतं. हा माझा अनुभव आहे, कायदा नव्हे. महाधिवक्त्यांची संमती लागते असं कोणी सांगितलं तर ती फौजदारी अवमानासाठी. दिवाणीला ती अट नाही.

मग नोटीस निघते. बहुतेक प्रकरणांत खरी हालचाल इथेच सुरू होते. जी नस्ती वर्षभर हलत नव्हती ती दोन दिवसांत चार टेबलं ओलांडते. मी स्वतः अशा नस्त्या हातात घेऊन जिने चढलोय, कारण लिफ्टची वाट बघायलाही वेळ नसायचा.

साहेबांना न्यायालयात उभं केलेलं बघायची इच्छा असेल तर ती आवरा. जानेवारी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांना न्यायालयात बोलावण्याबाबत कार्यपद्धती घालून दिली. अलाहाबाद उच्च न्यायालयाने निवृत्त न्यायाधीशांच्या सुविधांच्या प्रकरणात अधिकाऱ्यांना थेट ताब्यात घ्यायला लावलं होतं, त्यातून ती आली. आता प्रत्यक्ष हजेरी अपवादाने, आणि बोलावलंच तर आधी दूरदृश्य प्रणालीचा पर्याय.

सरकारी वकील उभे राहून "चार आठवड्यांत आदेश काढतो" म्हणाले, तर तुमच्या वकिलाने ते हमी म्हणून नोंदवून घ्यायला सांगावं. हमी मोडणं हाही स्वतंत्र अवमान आहे. नुसतं "सूचनेनुसार निवेदन केलं" असं राहिलं तर पुढच्या वेळी तो धागा कच्चा निघतो.

अधिकारी माफी मागू शकतो, आणि ती मनापासूनची वाटली तर न्यायालय ती स्वीकारतं. शिक्षा द्यायची तर पुरावा फौजदारी खटल्याइतका पक्का लागतो. याचिका फेटाळली गेली तर कलम १९ खाली तुम्हाला अपील नाही. ते अपील फक्त शिक्षा झालेल्यासाठी आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली मिदनापूरच्या एका सहकारी बँकेच्या प्रकरणात स्पष्ट केलं. तुम्हाला उरतं ते थेट सर्वोच्च न्यायालयात विशेष परवानगी मागणं. ते किती जणांना परवडतं?

तुमच्यावरही उलटू शकतं

आदेश कर्मचाऱ्यांनाही लागू असतात. २०२१-२२ च्या एसटी संपात न्यायालयाच्या मनाईनंतरही संप चालू राहिला, म्हणून महामंडळाने अवमान याचिका दाखल केली होती. एप्रिल २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने २२ एप्रिलपर्यंत कामावर रुजू व्हायला सांगितलं तेव्हा हजारोंच्या नोकऱ्या टांगणीला होत्या. बदलीला स्थगिती मिळाली नसताना नव्या जागी रुजू न होणं, किंवा केस चालू असताना व्हॉट्सअॅप गटावर न्यायाधीशांबद्दल काहीबाही लिहिणं, हेही टाळा. ते दुसरं तर थेट फौजदारी अवमानाकडे जाऊ शकतं.

आणि नोकरीत असाल तर एक व्यवहार सांभाळा. ज्यांच्याविरुद्ध याचिका, तेच तुमचा गोपनीय अहवाल लिहितात. कार्यालयात आवाज चढवू नका, रजा लेखी घ्या, हजेरीची सही वेळेवर करा. याचिका चालू असताना 'शिस्तभंग' शोधणारं कोणीतरी असतंच.

शेवटचा दिवस

एके दिवशी सुनावणीत सरकारी वकील एक कागद न्यायाधीशांपुढे ठेवतील: "आदेशाचं अनुपालन झालं आहे, याचिका निकाली काढावी." न्यायालयाचा कल याचिका मिटवण्याकडे असतो, आणि तुम्हीही थकलेले असता. इथे घाई करू नका. तुमच्या वकिलाने कागद वाचायला एक आठवडा मागावा.

कारण १९९६ सालच्या राजस्थानातल्या सेवाज्येष्ठता यादीच्या प्रकरणात, जे. एस. परिहार म्हणून ते ओळखलं जातं, सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की आदेशानुसार एकदा निर्णय निघाला की तो चूक की बरोबर हे अवमानात तपासायचं नाही; ती तक्रार करायला नवं कारण, नवी केस. म्हणजे अर्धवट कागदावर "समाधान झालं" अशी नोंद गेली की पुढचा सगळा रस्ता पहिल्यापासून.

तो अनुरेखक आठवतो ना, तीन पोचांवाला? त्याचा आदेश निघाला त्या दिवशी तो पेढे घेऊन आला. मी चष्मा लावून कागद वाचला. मानीव दिनांक बरोबर होता. खाली बारीक अक्षरात दुसरं वाक्य होतं: "सदर कालावधीत काल्पनिक वेतननिश्चिती अनुज्ञेय राहील, प्रत्यक्ष थकबाकी अनुज्ञेय राहणार नाही." निकालाच्या शेवटच्या परिच्छेदात 'सर्व अनुषंगिक लाभांसह, थकबाकी धरून' असं लिहिलेलं होतं. पेढ्यांचा पुडा तसाच बाजूला ठेवला आणि त्याच्या वकिलांना फोन लावला. पुढची तारीख गुरुवारची होती.